पोर्तुगीज चित्रपटाचा निर्माता नेमकं काय करतो? (पावलो ब्रांको आणि मंडळी)

मांडवीकाठ
फिल्म सोसायटीसाठी पोर्तुगीज चित्रपटांवर टिपण करायचं आहे. मानुएल द ऑलिव्हेरा, मोंतेइरु, पेद्रु कोश्ता, मिगेल गोमिश या दिग्दर्शकांवर हवं तेवढं वाचायला मिळतं. पण श्रेयनामावली लागली की निर्माता म्हणून तीच दोन-चार नावं परत परत येतात, आणि त्यांच्याबद्दल कुठे धड काही सापडत नाही. तीन गोष्टी विचारायच्या आहेत.

देशाची लोकसंख्या जेमतेम एक कोटी. चार-पाच तासांचे चित्रपट काढतात. तिकीटबारीवर हे वसूल होणं शक्य नाही, मग पैसा येतो कुठून? आपल्याकडे निर्माता म्हणजे खिशातून पैसा लावणारा किंवा फायनान्सर धरून आणणारा. तिथेही तसंच का? आणि एकट्या पावलो ब्रांकोंची कारकीर्द समजून घ्यायची तर कुठून सुरुवात करावी?

हिशेबनीस
दुसऱ्या प्रश्नापासून सुरू करतो, म्हणजे पहिला आपोआप सुटेल.

तिथे ‘प्रोदुतोर’ आणि ‘दिरेक्तोर द प्रोदुसांव’ ही दोन वेगळी माणसं. दुसरा म्हणजे आपल्या मराठी नाटक-सिनेमातला निर्मिती सूत्रधार: शेड्यूल, गाड्या, जेवण, परवानग्या, रोजचा खर्च. पहिला, म्हणजे निर्माता, हा हक्क आणि सह्या गोळा करणारा. तो स्वतःचा पैसा फारसा लावत नाही. दुसऱ्यांनी कबूल केलेला पैसा वेळेत हातात पडेल अशी व्यवस्था लावतो. पोर्तुगालमध्ये निर्मात्याचं खरं कसब या ‘वेळेत’ शब्दात आहे. मंजूर झालेला पैसा आणि गल्ल्यात असलेला पैसा यांतलं अंतर तोच अंगावर घेतो.

उदाहरण घेऊ. आकडे कल्पित आहेत, हिशेबाची रीत खरी. समजा चित्रपट १० लाख युरोचा आहे.

इका (तिथली सरकारी चित्रपट संस्था): ५ लाख
आरटीपी (सरकारी दूरचित्रवाणी): १ लाख
फ्रेंच सहनिर्माता: अडीच लाख
युरिमाज (युरोप परिषदेचा सहनिर्मिती निधी): दीड लाख

कागदावर बेरीज जुळली. आता सहा आठवड्यांचं चित्रीकरण आहे आणि पगार दर आठवड्याला द्यायचे आहेत. इकाचे पैसे हप्त्यांनी येतात, शेवटचा हप्ता चित्रपट सुपूर्द केल्यावर. आरटीपीचे करारातल्या टप्प्यांप्रमाणे. फ्रेंच अडीच लाखांतले बरेचसे लिस्बनला येतच नाहीत. त्यांच्या अटींप्रमाणे ते फ्रान्समध्येच खर्च व्हावे लागतात. म्हणून ध्वनिमिश्रण पॅरिसला, कधी संकलक किंवा ध्वनिमुद्रक तिकडचा. म्हणजे ‘१० लाखांचा चित्रपट’ असला तरी पहिल्या दिवशी सेटवर फिरणारी रोकड त्याच्या निम्मीही नसते. वर २३ टक्के आयव्हीए, म्हणजे तिथला व्हॅट. तो आधी भरायचा आणि नंतर परत मिळवायचा. नवख्या निर्मात्याचं गणित बहुधा इथेच फसतं: व्हॅट परत मिळणारच आहे म्हणून तो बजेटमध्ये धरत नाही, आणि चौथ्या आठवड्यात कॅमेऱ्याच्या भाड्याला पैसे उरत नाहीत.

ही फट बुजवायला करार बँकेत दाखवून उचल घेतात. त्याचं व्याज ‘वित्तीय खर्च’ म्हणून बजेटमध्ये आधीच धरावं लागतं. आकस्मिक खर्चाची १० टक्के राखीव रक्कम वेगळी. व्याजाला ही राखीव रक्कम वापरली, की पावसाने बुडालेल्या दिवसाला हाताशी काही नाही.

युरिमाजच्या दोन अटी पाठ असाव्यात. प्रत्येक देशातल्या वाट्यापैकी निम्मा पैसा अर्ज करतानाच कागदोपत्री पक्का हवा, आणि त्यांचा निर्णय होण्याआधी मुख्य चित्रीकरण सुरू करायचं नाही. नट ऑक्टोबरपर्यंतच मोकळा आणि बैठक डिसेंबरात असेल, तर नट किंवा निधी, दोन्हींपैकी एक सोडायचा. शिवाय तो निधी म्हणजे सहसा दान नव्हे. मिळकतीतून परत करायची उचल आहे. मिळकत होत नाही हा भाग वेगळा.

आपल्या राज्याच्या योजनेशी ताडून बघा. महाराष्ट्रात अनुदान पूर्ण झालेला चित्रपट पाहून, दर्जा ठरवून मिळतं. तिथे पटकथेवर, चित्रपट होण्याआधी मिळतं, आणि परीक्षक दिग्दर्शकाबरोबर निर्माती कंपनीचं पूर्वीचं कामही तोलतात. तीच नावं परत परत का दिसतात, त्याचं एक कारण हे.

रीळवाला
हिशेबनीसांनी व्यवस्था सांगितली, पण ती आभाळातून पडलेली नाही. एका निर्मात्याच्या दिवाळखोरीपाशी तिचं मूळ जातं, म्हणून टिपणाची सुरुवात ब्रांकोंपासून करू नका. आंतोनियो द कुन्हा तेलिस यांच्यापासून करा.

जन्म १९३५, मदेरा बेटावरचं फुंशाल. पॅरिसच्या चित्रपट शाळेत शिकून लिस्बनला परतले तेव्हा हुकूमशहा सालाझारची राजवट होती. वेगळा सिनेमा करायचा तर तंत्रज्ञ हवेत, आणि ते नव्हते. म्हणून १९६१ मध्ये त्यांनी आधी शिकवणीचा वर्ग चालवला आणि तिथल्याच पोरांमधून युनिटं उभी केली. मग लागोपाठ चित्रपट: पावलो रोशांचा ‘ऊश व्हेर्दिश आनुश’ (हिरवी वर्षं, १९६३), फर्नांदो लोपिश यांचा ‘बेलार्मिनु’ (१९६४), पुन्हा रोशांचा ‘मुदार द व्हिदा’ (१९६६). त्या नव्या लाटेतले बहुतेक सुरुवातीचे चित्रपट या एका माणसाच्या ऑफिसातून निघाले. रोशांच्या पहिल्या चित्रपटाचं लोकार्नोला कौतुक झालं, घरी मात्र प्रेक्षक आले नाहीत. सेन्सॉरची कात्री होतीच. ‘कातेंब’ हा मोझांबिकवरचा चित्रपट आधी छाटला आणि मग बंदच केला. दशक संपायच्या आत त्यांची निर्मिती आर्थिकदृष्ट्या कोलमडली.

१९६७ मध्ये पोर्तु शहरात नव्या पोर्तुगीज सिनेमाचा आठवडा झाला. तिथून दिग्दर्शकांनी गुलबेंकियन प्रतिष्ठानकडे (कलेला पैसा देणारी लिस्बनची खासगी संस्था) धाव घेतली: खासगी निर्मात्याच्या बळावर हे चालणार नाही, तुम्ही पैसा द्या. त्यातून पोर्तुगीज चित्रपट केंद्र ही सहकारी संस्था निघाली. ऑलिव्हेरांचा ‘ऊ पासादु ई ऊ प्रेझेंति’ तिथलाच. मग डिसेंबर १९७१ चा ७/७१ क्रमांकाचा कायदा आला. तिकिटावर अधिभार लावून सरकारी चित्रपट संस्था उभी करायची, असं त्याने ठरवलं. आजची इका ही त्याच संस्थेची, नावं बदलत आलेली, वंशज. म्हणजे तेलिस यांच्या तोट्याने सगळ्यांना पटवलं की या देशात तिकीटबारीवर निर्माता जगत नाही. स्वतः तेलिस मात्र थांबले नाहीत. १९७० मध्ये ‘ऊ सेर्कु’ दिग्दर्शित केला, आनिमातोग्राफु नावाची वितरणसंस्था चालवली, पुढे अनेक वर्षं निर्मिती केली. २०२२ मध्ये वारले.

टिटवी
आता ब्रांको. जन्म १९५०, लिस्बन. सत्तरच्या दशकात पॅरिसमध्ये चित्रपटगृहांसाठी चित्रपट निवडण्याचं काम. हा तपशील लहान वाटेल, पण पुढचं सगळं त्यावर उभं आहे: कुठला चित्रपट कुठल्या पडद्यावर किती आठवडे तग धरेल हे त्यांना निर्माता होण्याआधीच कळत होतं. दिग्दर्शक आंतोनियु-पेद्रु व्हास्कोन्सेलुश यांच्याबरोबर व्ही. ओ. फिल्म्स काढली. ऑलिव्हेरांचा ‘फ्रान्सिश्का’ १९८१ चा. तिथून जवळपास पाव शतक ही जोडी टिकली, आणि ऑलिव्हेरांनी या काळात सरासरीने वर्षाला एक चित्रपट केला. ऑलिव्हेरांचा जन्म १९०८ चा, हे ध्यानात ठेवा! ‘व्हाल आब्राआंव’ (१९९३) केला तेव्हा ते चौऱ्यांशीचे होते.

ब्रांकोंची पद्धत दोन-तीन गोष्टींत सांगता येते.

एक, लिस्बन आणि पॅरिस अशा दोन्हीकडे कंपन्या. इकडे माद्रागोआ, तिकडे जेमिनी. नंतर आल्फामा, लेओपार्दु. दोन्ही देशांतला ‘राष्ट्रीय’ निर्माता आपणच असलो की सहनिर्माता शोधत बसावं लागत नाही.

दोन, वितरण आणि चित्रपटगृहंही आपलीच. लिस्बनचं निमाश थिएटर चालवणारी मेदेया ही त्यांचीच. आपला चित्रपट दुसऱ्या आठवड्यात कुणी उतरवू शकत नाही.

तीन, चित्रपटांची साखळी. एक चित्रपट संपायच्या आत पुढच्याचा करार. याने कंपनीकडे रोकड फिरत राहते. पण हाच धोकाही आहे. एका करारातला हप्ता अडला की मागचे-पुढचे दोन्ही चित्रपट अडतात.

निर्माता गडबडला की काय होतं याचं उत्तम चित्र म्हणजे चिलीतले दिग्दर्शक राउल रुईझ यांचा ‘द टेरिटरी’. लिस्बनजवळच्या सिंत्राच्या बाजूला चित्रीकरण चालू असताना कच्ची फिल्म संपली. जर्मन दिग्दर्शक व्हिम व्हेंडर्स उरलेली रिळं घेऊन मदतीला गेले, आणि तिथलीच माणसं घेऊन ‘द स्टेट ऑफ थिंग्ज’ केला. त्याची गोष्टही तीच: पोर्तुगालच्या किनाऱ्यावर युनिट अडकलंय, फिल्म संपलीय, निर्माता गायब आहे. १९८२ ला व्हेनिसला सुवर्णसिंह मिळाला. पोर्तुगालकडची निर्मिती ब्रांकोंच्या हाती होती.

सोसायटीत एकच दाखवायचा तर ‘मिश्तेरियुश द लिश्बोआ’ (२०१०). रुईझ यांचा, कामिलु काश्तेलु ब्रांको यांच्या एकोणिसाव्या शतकातल्या कादंबरीवरचा. चित्रपटगृहात साडेचार तास, दूरचित्रवाणीवर सहा भाग. ही लांबी निव्वळ हौस नाही. एकाच चित्रीकरणातून दोन वस्तू तयार झाल्या, त्यामुळे सिनेमाच्या निधीबरोबर दूरचित्रवाणीचाही पैसा लागला. मोठ्या पोशाखी चित्रपटात कपडे, घोडे, वाडे यांचा खर्च पहिल्याच दिवशी होऊन जातो. पुढे मिनिटं वाढली तरी त्या प्रमाणात खर्च वाढत नाही.

पुढचा ‘लिन्याश द वेलिंग्टन’ रुईझ यांनी तयार केला आणि ऑगस्ट २०११ मध्ये ते गेले. पत्नी व्हालेरिया सार्मिएंतो यांनी दिग्दर्शन हाती घेतलं, २०१२ मध्ये व्हेनिसच्या स्पर्धेत चित्रपट लागला. पडद्यावर हे दोन ओळींत सांगून होतं. निर्मात्याला मात्र दिग्दर्शकाचं नाव असलेला प्रत्येक करार नव्याने करावा लागतो, कारण निधी त्या नावावर मंजूर झालेला असतो. मलकोविच, दनव्ह, उपेर ही मंडळी छोट्या भूमिकांत आहेत. असे नट दोन-चार दिवसांत मोकळे करता येतात, आणि परदेशी विक्रीच्या कागदावर नाव मात्र पूर्ण वजनाचं लागतं.

बाकी मोंतेइरुंचे ‘पिवळ्या घराच्या आठवणी’ वगैरेही ब्रांकोंचेच.

रीळवाला
@टिटवी, शेवटची ओळ दुरुस्त करा. ‘पिवळ्या घराच्या आठवणी’ (१९८९) ब्रांकोंचा नव्हे. तो जोआकिम पिंतो यांच्याकडचा. ‘देवाची कॉमेडी’ (१९९५) पण त्यांचाच. पिंतो मूळचे ध्वनिमुद्रक, रुईझ-ऑलिव्हेरांच्या चित्रपटांवर काम केलेले, म्हणजे पडद्यामागचे अगदी शब्दशः. मोंतेइरुंचा ब्रांकोंकडचा गाजलेला चित्रपट ‘ब्रांका द नेव्ह’ (हिमगौरी, २०००): जवळजवळ सगळा वेळ काळा पडदा, फक्त आवाज, मधूनच आकाशाचे तुकडे. दिग्दर्शकाने कॅमेऱ्यावर कोट टाकला होता. सरकारी पैशाचं काय केलंत म्हणून वर्तमानपत्रांत गदारोळ झाला. अशा वेळी निर्मात्याचं काम कोरडं असतं: करारात संहिता, लांबी, ध्वनी, सुपूर्द करायची प्रत यांचा उल्लेख होता ना, आणि ते सगळं दिलं ना? पडद्यावर चित्र किती असावं असं कलम कुठल्याच करारात नसतं.

टिटवी
बरोबर, चूक माझी. बदल करते.

मांडवीकाठ
भरपूर मिळालं, आभार. एक अडतंय. समजा एखाद्याने भागीदारीतून अंग काढून घेतलं किंवा सरकारनेच पैसा थांबवला. मग निर्माता काय करतो? चित्रपट बंद?

हिशेबनीस
सरकारने थांबवल्याचं उदाहरण आहेच. २०१२ पर्यंत इकाचा पैसा मुख्यतः वाहिन्यांच्या जाहिरातींवरच्या ४ टक्के आकारातून यायचा. मंदीत जाहिराती आटल्या, आणि २०१२ साली निधीच्या स्पर्धाच झाल्या नाहीत. त्याच वर्षी बर्लिनला गोमिश यांचा ‘ताबू’ आणि सालाव्हिझा यांचा लघुपट ‘राफा’ दोघांनी बक्षिसं घेतली. सप्टेंबरात नवा कायदा (५५/२०१२) आला, केबल-उपग्रह कंपन्यांनी दर ग्राहकामागे वर्षाला ठरावीक रक्कम द्यावी असा. कंपन्यांनी पुढच्या वर्षी भरायलाच नकार दिला. २०१४ मध्ये रक्कम कमी करून कायदा दुरुस्त झाला. ज्यांचा परदेशी वाटा आधीच पक्का होता ते तरले. ‘ताबू’च्या मागे जर्मनी, फ्रान्स आणि ब्राझीलचे सहनिर्माते होते, ते उगाच नाही.

पण परदेशी वाटा म्हणजे गुणांचं कोष्टक आलं. १९९२ च्या युरोपीय सहनिर्मिती करारात, माणूस किंवा जागा युरोपातली असेल तर मिळणारे, १९ गुण होते: दिग्दर्शक ३, लेखक ३, संगीतकार १, पहिली भूमिका ३, दुसरी २, तिसरी १, आणि छायालेखन, ध्वनी, संकलन, कलादिग्दर्शन, चित्रीकरणाची जागा, नंतरच्या कामाची जागा प्रत्येकी १. ‘युरोपीय’ ठरायला १५ लागत. ब्राझीलचा नायक घेतला की ३ गेले, उरले १६. आता आणखी एकच गुण घालवता येतो. २०१७ च्या सुधारित करारात २१ पैकी १६ लागतात. नट बदलायची वेळ आली की निर्माता आधी हा तक्ता उघडतो, मग दिग्दर्शकाला फोन करतो.

तळटीप
चित्रपट बंदच करावा असं नाही, त्याचा आकार बदलता येतो. तीन नमुने.

पेद्रु कोश्ता: ‘ओसुश’ (१९९७) ब्रांकोंकडे, पूर्ण युनिट, दिवे, ट्रक, लिस्बनच्या कडेच्या फोंताइन्याश या गरीब वस्तीच्या गल्ल्यांत रात्रीचं चित्रीकरण. पहाटे कामाला जाणाऱ्या वस्तीला त्या उजेडाचा त्रास. पुढचा ‘नो क्वार्तु दा व्हांदा’ (२०००) दुसऱ्या निर्मात्याकडे, छोटा डिजिटल कॅमेरा, युनिट जवळजवळ नाहीच, आणि दोनेक वर्षं रोज तिथे जाणं. इथे खर्चाचं केंद्र सरकतं. चित्रीकरण स्वस्त होतं, पण संकलन आणि शेवटी ३५ मिमीवर उतरवणं महागतं. बजेट जुन्याच साच्यात बांधलं असेल तर शेवटाला पैसे संपतात.

गोमिश यांचा ‘आकेल केरिदु मेश द आगोश्तु’ (तो लाडका ऑगस्ट महिना, २००८): ऊ सोम ई आ फूरिया ही लुईश उर्बानु यांची कंपनी. पटकथा तयार, पैसा अपुरा. सगळं रद्द करण्याऐवजी लहान युनिट १६ मिमी कॅमेरा घेऊन मध्य पोर्तुगालमधल्या आर्गानिल भागातल्या जत्रा आणि बँडवाले टिपायला गेलं. त्या फिल्मवरून नवी पटकथा लिहिली आणि पुढच्या उन्हाळ्यात कथाभाग चित्रित केला. निर्मिती व्यवस्थापक जोआकिम कार्व्हाल्यु नायिकेच्या बापाच्या भूमिकेत आहेत. पडद्यावर निर्माता जाडजूड पटकथा हातात धरून नट कुठे आहेत विचारतो, तो प्रसंग टिपणात घ्याच. यातली जोखीम अशी की निधी ज्या पटकथेवर मिळाला ती बदलते. बदल लेखी कळवून मान्यता घेतली नाही तर पुढचा हप्ता रोखला जाऊ शकतो.

‘ग्रँड टूर’ (२०२४, कानला दिग्दर्शनाचं पारितोषिक, निर्माती फिलिपा रैश): २०२० च्या सुरुवातीला आशियातलं प्रवासचित्रण चालू असताना साथ आली, चीन राहून गेला. २०२२ मध्ये चीनमधल्या युनिटला लिस्बनहून दूरस्थ सूचना देत तो भाग पुरा केला, मग कथाभाग लिस्बन आणि रोमच्या स्टुडिओंत. रोम का? सहनिर्माता इटालियन असला की तिथला स्टुडिओ खर्चाच्या अटीत बसतो.

तुम्ही गोव्याकडचे दिसता म्हणून जाता जाता: फेब्रुवारी २०२० मध्ये भारत-पोर्तुगाल दृक्‌श्राव्य सहनिर्मिती करार झाला आहे. पण करार म्हणजे पैसा नाही. चित्रपट दोन्हीकडे ‘आपला’ धरला जाण्याची ती परवानगी. पोर्तुगीजभाषक देशांबरोबरच्या सहनिर्मितीसाठी इकाची वेगळी स्पर्धा असते, तिच्यात गोवा बसत नाही, घरात पोर्तुगीज बोलत असलात तरी. पणजीच्या फिल्म बाजारात लिस्बनचा निर्माता भेटलाच तर तो पहिल्यांदा मागेल ते कथेचे हक्क लेखी तुमच्याकडे आहेत याचा कागद, आणि तुमच्या बाजूचा किती पैसा पक्का आहे याचं पत्र. पटकथा त्यानंतर.

रीळवाला
सोसायटीच्या खेळासाठी एक व्यवहाराचं. जुन्या चित्रपटांच्या प्रती सिनेमातेकाच्या (तिथला राष्ट्रीय चित्रपट-संग्रह) आनिम संग्रहालयात, लिस्बनजवळ बुसेलाशला असतात. तोबिश ही जुनी प्रयोगशाळा गेल्यापासून फिल्म धुणं-छापणंही तिथेच. पण प्रत तिथे असली तरी दाखवण्याचे हक्क तिथे असतीलच असं नाही. ब्रांकोंचा चित्रपट व्ही. ओ.चा, माद्रागोआचा, जेमिनीचा की आल्फामाचा, हे श्रेयनामावलीच्या शेवटच्या कार्डावर बघा आणि मगच पत्र लिहा, नाहीतर दोन महिने चुकीच्या दारात जातात. डीसीपी, म्हणजे चित्रपटगृहासाठीची डिजिटल प्रत, मागवलीत तर कुलूपबंद येईल, तिची किल्ली ठरावीक तासांपुरती आणि एकाच सर्व्हरसाठी. साडेचार तासांच्या चित्रपटाला मध्यंतर आणि उशीर धरून किल्लीची मुदत दुसऱ्या दिवशी दुपारपर्यंत मागा.